बाळाचा बाप्तिस्मा आत्ता की मोठेपणी? आणि माझा पुन्हा घ्यायचा का?

विश्रामबागची आई:

जय ख्रिस्त. जरा लांबण लागेल, पण सगळं सांगितल्याशिवाय अडचण कळायची नाही.

माझं माहेर मिरजेचं, सासर सांगलीचं. दोन्ही घरं पणजोबांपासून मिशनच्या मंडळीतली. माझा बाप्तिस्मा तान्हेपणी झाला, सोळाव्या वर्षी दृढीकरण (म्हणजे तान्हेपणीचा बाप्तिस्मा मोठेपणी मंडळीपुढे आपला म्हणणं), लग्नही त्याच चर्चमध्ये. नवराही असाच वाढलेला. पण मधे त्याची नोकरी गेली, तेव्हा कुपवाड एमआयडीसीतला एक मित्र त्याला आपल्या फेलोशिपला, म्हणजे एका स्वतंत्र छोट्या मंडळीला, घेऊन गेला आणि तो तिथलाच झाला. तिथे त्याने पाण्यात बुडवून पुन्हा बाप्तिस्मा घेतला. मी आडवी आले नाही. माणसाचा मावा सुटला, घरात रोज रात्री प्रार्थना सुरू झाली, आडवी कशाला येऊ?

आता मुलगी सहा महिन्यांची होईल. सासूबाईंनी त्यांच्या लग्नातल्या पांढऱ्या साडीचं झबलं तिच्या बाप्तिस्म्यासाठी शिवून ठेवलं होतं. तारीख काही ठरेना आणि पोरगी तर वाढत चालली, म्हणून परवा त्यांनी ते उसवून काखेत जोड देऊन पुन्हा शिवलं. तोंडाने एक शब्द नाही, पण मशीन जरा जास्तच जोरात चाललं होतं.

नवरा म्हणतो, बायबलमध्ये एका तरी तान्ह्या बाळाचा बाप्तिस्मा दाखव, उद्याच करू. मी फिलिप्पैच्या तुरुंगाच्या अधिकाऱ्याचं काढलं. त्याच रात्री त्याच्या घरच्या सगळ्यांचा बाप्तिस्मा झाला ना? तर म्हणाला, त्याच्या आधीचं वचन वाच, पौलाने घरातल्या सगळ्यांना आधी प्रभूचं वचन सांगितलं, तुझ्या सहा महिन्यांच्या पोरीला वचन सांगून बघ. मी गप्प बसले.

आमचे पाळकसाहेब म्हणाले, दोघांनी मंडळीपुढे उभं राहून वचन द्यायचं असतं, आधी घरातलं मिटवून या. फेलोशिपचे पास्टर म्हणतात, बाळाचं नुसतं समर्पण करू, म्हणजे प्रार्थना करून देवाच्या हाती सोपवू, बाप्तिस्मा तिला समज आल्यावर. इथवर मला पटतंही. पण ते पुढे म्हणतात, सिस्टर, तुमचाही बाप्तिस्मा झालेलाच नाही, तान्हेपणी नुसतं डोकं ओलं झालं. पावसाळ्याआधी हरिपूरच्या बाजूला नदीवर काही जणांचा बाप्तिस्मा आहे, तुम्ही पण उतरा.

हे ऐकल्यापासून झोप नाही. जाणकारांनी कृपया दोन्ही बाजू सांगाव्यात. भांडण नको, ते घरात भरपूर आहे.


पाण्यात उतरलेला:

प्रेज द लॉर्ड ताई. मी साताऱ्याचा, सध्या तासगावात. तुमच्या मिस्टरांची बाजू मी मांडतो, कारण ती माझीच आहे.

मत्तय २८:१९ मध्ये क्रम बघा. आधी शिष्य करा, मग बाप्तिस्मा द्या, मग शिकवा. पन्नासाव्या दिवसाच्या सणाला (पेंटेकॉस्टला) पेत्र म्हणाला, पश्चात्ताप करा आणि बाप्तिस्मा घ्या. कूशी अधिकाऱ्याने वाटेत पाणी दिसल्यावर स्वतः विचारलं, मला बाप्तिस्मा घ्यायला काय हरकत आहे? करिंथात क्रिस्पाने घराण्यासकट विश्वास ठेवला असं स्पष्ट लिहिलंय. सगळीकडे माणूस आधी ऐकतो, मग मानतो, मग पाण्यात जातो. तान्ह्या बाळाचं एकही उदाहरण नाही, आणि ‘घरचे सगळे’ यात बाळ होतंच हे धरून चालायला आधार नाही.

हे काही अमेरिकेतून परवा आलेलं फॅड नाही. २१ जानेवारी १५२५ ला झुरिकमध्ये कॉनराड ग्रेबेलने जॉर्ज ब्लाउरॉकला बाप्तिस्मा दिला, दोघेही तान्हेपणी बाप्तिस्मा झालेले. तिथल्या सरकारने याला गुन्हा ठरवलं. ज्याच्या घरात ते जमले असं सांगतात त्या फेलिक्स मान्झला जानेवारी १५२७ मध्ये हातपाय बांधून लिमाट नदीत बुडवून मारलं. आणि हे पोपच्या लोकांनी नाही केलं, झ्विंग्ली या प्रोटेस्टंट सुधारकाच्या झुरिकने केलं. त्यामुळे कोणी ‘नुसता पाण्याचा हट्ट’ म्हणालं की मला राग येतो.

माझं सांगतो. माझंही दृढीकरण झालं होतं. ते म्हणजे दहावीची तोंडी परीक्षा होती. प्रश्नोत्तरं पाठ, नवा शर्ट, फोटो, जेवण. त्यानंतर सात-आठ वर्षं चर्चचं तोंड बघितलं नाही आणि त्याबद्दल मला कुणी विचारलंही नाही. पुढे प्रभूने गाठलं तेव्हा इकडे एका द्राक्षवाल्या भावाच्या शेततळ्यात बाप्तिस्मा घेतला. शेततळ्याला प्लास्टिकचा कागद असतो आणि त्यावर शेवाळ धरतं. पास्टर आणि मी दोघंही घसरलो, काठावरच्यांनी दोर टाकला. लोक हसले, मीही हसलो. पण पाण्यातून वर येताना जे ‘हो’ म्हणालो ते माझं होतं.

आणि ताई, तुम्हाला तो ‘पुन्हा’ वाटतो. आमच्या समजुतीप्रमाणे तो पहिलाच असतो.


वसईकर, सध्या सांगली:

मी कॅथलिक, बँकेच्या बदलीने इथे आलोय. आमच्याकडे जन्मल्यावर पहिल्या काही आठवड्यांत बाप्तिस्मा, त्यामुळे हा वाद घरात कधी झाला नाही. फक्त व्यवहाराचं सांगतो.

कुठेही करा, पण ‘पित्याच्या, पुत्राच्या व पवित्र आत्म्याच्या नावाने’ हे शब्द आणि पाणी, दोन्ही हवं. काही स्वतंत्र फेलोशिपमध्ये फक्त ‘येशूच्या नावाने’ देतात. तसं असेल तर आमचं चर्च तो बाप्तिस्मा धरत नाही, आणि तुमच्या जुन्या मंडळ्यांतही अडचण येईल. तीन नावांनी दिलेला असेल तर शिंपडून असो, ओतून असो की बुडवून असो, प्रोटेस्टंट पाळकाने दिलेलाही आम्ही मानतो, पुन्हा देत नाही. दाखला मात्र जपून ठेवा. मुलीच्या लग्नाच्या वेळी धावपळ होते. माझ्या मेहुणीच्या वेळी पूर्ण महिना त्यात गेला.


मिरजेचा जुना कंपाउंडर:

मुली, मी मिशन हॉस्पिटलच्या औषधखिडकीवर जन्म काढला आणि मंडळीत बरीच वर्षं वडील (म्हणजे कारभार बघणारा पंच) म्हणून बसलो. धर्मशास्त्राची पदवी नाही, पण मिटिंगा पुष्कळ बघितल्या.

तू दोन प्रश्न एका पोत्यात भरलेस. ते वेगळे कर. बाळाचं काय, हा एक. तुझं काय, हा दुसरा. पहिल्यात दोन्ही बाजूंना जागा आहे. दुसऱ्यात नाही, असं माझं मत आहे.

आधी बाळाचं. आपल्याकडे बाळांना बाप्तिस्मा का देतात? मिरज-सांगली-कोल्हापूरचं मिशन अमेरिकन प्रेस्बिटेरियन, आणि सातारा-वाईकडे अमेरिकन मराठी मिशन म्हणजे काँग्रिगेशनल. दोघंही बालबाप्तिस्मावाले. त्यांचा युक्तिवाद ‘घरचे सगळे’ एवढ्यावर उभा नाही, आणि जो तेवढ्यावरच उभा करतो तो तुझ्या नवऱ्याकडून हरणारच. त्यांचा युक्तिवाद करारावर आहे. देवाने अब्राहामाशी करार केला तेव्हा आठ दिवसांच्या पोराची सुंता करायला सांगितली. त्या पोराला कुणी विचारलं नव्हतं. पौल कलस्सैकरांस पत्रात सुंता आणि बाप्तिस्मा एकाच दमात बोलतो. पेत्राने पन्नासाव्या दिवशी पश्चात्ताप करा म्हटलं हे आमच्या तासगावच्या भावाने सांगितलं, पण त्याच्या पुढचंच वाक्य आहे की हे वचन तुम्हाला आणि तुमच्या मुलाबाळांना दिलं आहे. ते त्याने पास्टरसारखंच गाळलं. (रागावू नको रे बाबा.) आणि पौल करिंथकरांना म्हणतो की आईबापांपैकी एक जरी विश्वासी असला तरी मुलं पवित्र आहेत. मग करारातल्या लेकराला कराराची खूण का नाकारायची, असं त्यांचं म्हणणं.

आता त्या बाजूचं वजनही सांगतो. सन २०० च्या सुमाराला तर्तुल्यान नावाच्या ख्रिस्ती लेखकाने लिहून ठेवलंय की लहान मुलांना घाईने बाप्तिस्मा देऊ नका, त्यांना कळू दे. म्हणजे तेव्हा मुलांना देत होते आणि त्यावर कुरकुरही होती, दोन्ही सिद्ध होतं. जुन्या मंडळीचा पंडित ऑगस्तीन तर बालबाप्तिस्म्याचा मोठा वकील, पण त्याचा स्वतःचा कधी झाला? आई मोनिका ख्रिस्ती असूनही तेहतिसाव्या वर्षाच्या आसपास, ३८७ च्या ईस्टरला मिलानमध्ये. आणि विसाव्या शतकात कार्ल बार्थ, आपल्याच रिफॉर्म्ड परंपरेतला सगळ्यात मोठा पंडित, त्याने १९४३ मध्ये बालबाप्तिस्म्यावर उघड टीका केली. तेव्हा नवऱ्याला अडाणी समजू नका.

एक गोष्ट तर आपल्या अगदी घरातली आहे. १८१२ मध्ये अमेरिकन बोर्डाने, म्हणजे काँग्रिगेशनलवाल्यांच्या मिशन संस्थेने, मिशनऱ्यांची पहिली तुकडी हिंदुस्थानात पाठवली. त्यातला जडसन जहाजावर बसून अभ्यास करू लागला, कारण कलकत्त्याला कॅरीच्या बाप्टिस्ट मंडळींशी गाठ पडणार होती आणि त्यांना उत्तर द्यायचं होतं. उत्तर शोधता शोधता तोच फिरला. कलकत्त्याला उतरल्यावर त्याने बायकोसह बुडवून बाप्तिस्मा घेतला, पाठोपाठ तुकडीतल्याच राईसने घेतला. ज्या बोर्डाच्या पैशावर आले त्याला राजीनामा पाठवला. उरलेल्यांपैकी हॉल आणि नॉट १८१३ च्या फेब्रुवारीत मुंबईला पोचले आणि तिथून अमेरिकन मराठी मिशन सुरू झालं. जडसन ब्रह्मदेशात गेला. जहाजावर ही पुस्तकं जडसनऐवजी हॉलच्या हातात पडली असती तर साताऱ्याकडच्या मंडळ्या कदाचित बाप्टिस्ट असत्या आणि तुझ्या सासूबाईंनी झबलं शिवलंच नसतं.

म्हणून १९७० मध्ये नागपूरला सी.एन.आय. (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया) झाली तेव्हा त्यात अँग्लिकन, आपली युनायटेड चर्च आणि बाप्टिस्टही आले, आणि दोन्ही पद्धती मान्य ठेवल्या. ज्याला हवं त्याने बाळाला बाप्तिस्मा द्यावा आणि पुढे दृढीकरण करावं. ज्याला नको त्याने बाळाचं समर्पण करावं आणि समज आल्यावर बाप्तिस्मा. तुमची मंडळी सी.एन.आय.ची असेल तर पाळकसाहेबांना हे माहीत आहे, त्यांनी तुला सांगायला हवं होतं. बाळाचं समर्पण जुन्याच चर्चमध्ये होऊ शकतं. नवऱ्याला फेलोशिप सोडावी लागत नाही, सासूबाईंना मंडळी सोडावी लागत नाही, आणि पोरीचं काही बिघडत नाही. देव कुणाचा जन्मदाखला बघून माया करत नाही.

आता तुझं. इथे मी हटणार नाही. तुझा बाप्तिस्मा पित्याच्या, पुत्राच्या, पवित्र आत्म्याच्या नावाने झाला, मोठेपणी तू मंडळीपुढे उभी राहून तो आपला म्हटलास. आता ‘झालाच नाही’ म्हणून नदीत उतरायचं म्हणजे ज्यांनी तो दिला त्या आईबापांना, मंडळीला आणि प्रभूला तू म्हणतेस की तुम्ही केलंत ते पोकळ होतं. चौथ्या-पाचव्या शतकात आफ्रिकेत हाच वाद झाला. दोनातवादी म्हणत, दुसऱ्या गटाच्या पाळकाने दिलेला बाप्तिस्मा खोटा, आमच्याकडे नव्याने घ्या. ऑगस्तीन म्हणाला, बाप्तिस्मा ख्रिस्ताचा आहे, देणाऱ्याचा नाही. प्रेस्बिटेरियनांच्या वेस्टमिन्स्टर कबुलीपत्रातही बाप्तिस्मा माणसाला एकदाच द्यायचा असं लिहिलंय. १९८२ च्या लिमा दस्तऐवजात जगभरच्या मंडळ्यांच्या प्रतिनिधींनी, त्यात बाप्टिस्टही होते, हेच म्हटलं की बाप्तिस्म्याची पुनरावृत्ती नाही, आणि तसं दिसेल असं काही करणंही टाळावं.

पंडिता रमाबाईंचं घे. १८८३ मध्ये इंग्लंडात वाँटेजला त्यांचा बाप्तिस्मा झाला, वेद-पुराणं उलथीपालथी करून, हजार प्रश्न विचारून. त्याच दिवशी त्यांच्या मनोरमेचाही झाला, ती अडीच वर्षांची. आईचा समजून-उमजून, लेकीचा आईच्या कडेवर. मनोरमा पुढे आईच्याच कामात खपली. तिचा बाप्तिस्मा आईच्यापेक्षा कमी भरला असं म्हणायची माझी तरी छाती नाही.

आणि आता आमच्याकडची घाण पण बोलतो. तासगावचा पोरगा जे म्हणाला, दृढीकरण झालं आणि कुणी विचारलं नाही, ते शंभर टक्के खरं आहे. वडिलांच्या सभेत आईबाप बाप्तिस्म्याची तारीख मागायला येत, तेव्हा हॉल आणि केटरर आधीच ठरलेला असे. वचन काय देणार आहात विचारलं तर एकमेकांकडे बघत. आम्ही होकार देत होतो, कारण नाही म्हटलं की आजोबा रुसायचे आणि आजोबांची देणगी. फेलोशिपा उगीच भरत नाहीत.

नदीचं शेवटचं. मे महिन्यात पाणी कमी असतं म्हणून बिनधास्त उतरू नका. भिलवडी-औदुंबर पट्ट्यात मगरी आहेत हे सांगलीकराला सांगायला नको.


साताऱ्याची वकीलबाई:

धर्मशास्त्रात पडत नाही. एक गोष्ट मात्र कुणी बोललं नाही, म्हणून लिहिते.

बाप्तिस्म्याची नोंद हा कागद आहे आणि कागद कोर्टात बोलतो. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाप्रमाणे अनुसूचित जातीचा दर्जा हिंदू, शीख आणि बौद्धांनाच. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे पुदुच्चेरीचं प्रकरण आलं. बाईंनी नोकरीसाठी अनुसूचित जातीचा दाखला मागितला होता. त्यांच्या तान्हेपणीच्या बाप्तिस्म्याची चर्चमधली नोंद पुराव्यात आली, मोठेपणीही त्या चर्चला जात होत्या हेही आलं, आणि दावा फेटाळला गेला. ज्या नोंदीबद्दल त्यांना कुणी विचारलं नव्हतं ती नोंद इतक्या वर्षांनी समोर आली.

आमच्या भागात कितीतरी घरं बाळाचा बाप्तिस्मा लांबवतात ते तर्तुल्यान वाचून नव्हे, दाखल्यापायी. तोंडाने कारण दुसरंच सांगतात. हे बरं की वाईट ते ज्याने त्याने ठरवावं. ताईंचं घर चार पिढ्यांचं ख्रिस्ती आहे, त्यांना हा प्रश्न नसावा. पण इथे वाचणाऱ्यांपैकी काहींना नक्की आहे.


पाण्यात उतरलेला:

काका, रागावलो नाही. मुलाबाळांचं वचन मी गाळलं हे खरं, पण तुम्ही पण त्याचं शेपूट गाळलंत. ‘जितक्यांना प्रभू आपला देव स्वतःकडे बोलावील तितक्या सर्वांना’ असं ते संपतं. बोलावणं आलं की बाप्तिस्मा, मग ते मूल असो की म्हातारा.

आणि लिमाचं म्हणाल तर आमच्यासारख्या छोट्या फेलोशिपांना त्या बैठकीत कुणी बोलावलं नव्हतं. ताईंना मी उतरा असं सांगणार नाही, ते त्यांच्या विवेकावर. पण ज्याला खरंच वाटतं की आपण तेव्हा विश्वास ठेवलाच नव्हता, त्याला तुम्ही ‘झालं ते झालं’ म्हणून परत पाठवता, हे मला अजून पटत नाही.


विश्रामबागची आई:

सगळ्यांचे आभार. काकांचं लिहिलेलं नवऱ्याला वाचायला दिलं. जडसनच्या गोष्टीवर खूश झाला, म्हणाला बघ, आमच्याच बाजूला आला की नाही. ऑगस्तीनवर काही बोलला नाही. समर्पण जुन्या चर्चमध्ये करायला तयार आहे. पाळकसाहेबांना फोन केला, ते म्हणाले होऊ शकतं, तसा विधी आहे, फक्त सेशनपुढे, म्हणजे मंडळीच्या वडिलांच्या सभेपुढे, ठेवावं लागेल. सासूबाईंना ‘समर्पण’ म्हणजे अर्धवट काहीतरी वाटतंय, त्यांची समजूत घालणं चालू आहे.

माझं अजून लटकलंय. मला आतून कधीच असं वाटलं नाही की माझा बाप्तिस्मा झाला नाही. पण उतरले नाही तर नवऱ्याच्या मंडळीत मी कायम बाहेरचीच राहणार. रविवारी त्याच्याबरोबर कुठल्या तोंडाने बसू?


मिरजेचा जुना कंपाउंडर:

मग पास्टरला एकच विचार. बाप्तिस्मा पुन्हा न घेता मला प्रभुभोजनाची भाकर मिळेल का? त्यावरून सगळं कळतं. जॉन बन्यन माहीत असेल, तो बेडफर्डच्या मंडळीचा पाळक. त्याने १६७३ मध्ये पुस्तकच लिहिलं की पाण्याच्या बाप्तिस्म्यावरून मतभेद असले म्हणून प्रभुभोजनाला आडकाठी नको. त्याच्या मंडळीत दोन्ही प्रकारचे लोक होते. लंडनचे बाप्टिस्ट त्याच्यावर तुटून पडले, तरी तो मागे हटला नाही.

तेव्हा विचार, आणि नवऱ्याच्या देखत विचार.


विश्रामबागची आई:

विचारलं. भाकर देऊ म्हणाले, पाहुणी म्हणून. पण सभासदांच्या वहीत नाव घेता येणार नाही, आणि पुढे मुलांना शिकवणं वगैरे सेवाही देता येणार नाही. मी काही बोलायच्या आत नवराच म्हणाला, पास्टर, घरातली रात्रीची प्रार्थना हीच चालवते. पास्टर हसले, पण नियम तोच राहिला. घरी येताना हा गाडीवर काही बोलला नाही.


मिरजेचा जुना कंपाउंडर:

पास्टर त्यांच्या नियमाला धरून आहेत, त्यांना दोष देऊ नका. तुझं नाव जुन्या वहीत आहे, ते तिथेच राहू दे. महिन्याचा प्रभुभोजनाचा रविवार आपल्या मंडळीत, एखादा रविवार नवऱ्याबरोबर कुपवाडला, असं मिरजेत चार-पाच घरं करतात. पोरीला दोन्हीकडे ने. समर्पणाचा अर्ज सेशनच्या सेक्रेटरीकडे लेखी दे, आणि त्यात दोघांच्या सह्या घाल. तोंडी सांगितलेलं मिनिट्समध्ये येत नाही.